खासदार, बिझनेसमन आणि युद्धातला नौदल अधिकारी: अशा ब्रिटिश माणसाचं आयुष्य कसं शोधायचं

दुसऱ्या महायुद्धानंतरच्या ब्रिटिश पार्लमेंटमध्ये एका ठरावीक साच्याची माणसं बरीच दिसतात. युद्धात नौदलात तात्पुरता अधिकारी, परत आल्यावर सिटीत म्हणजे लंडनच्या पैशाच्या बाजारात नोकरी नाहीतर स्वतःची कंपनी, आणि मग तिशी-पस्तिशीत खासदारकी. अशा माणसावर लिहायला बसलं की विकिपीडियाचं पान लगेच मिळतं, दोन-तीन मृत्युलेख मिळतात, आणि वाटतं की चला, मटेरियल जमलं. पण ते सगळे एकमेकांवरूनच लिहिलेले असतात, त्यात नौदलाला एक ओळ, धंद्याला दोन ओळी आणि बाकी सगळं राजकारण, आणि तुम्ही तेच मराठीत उतरवलं तर ती एक ओळ आणखी एका भाषेत गेली एवढंच होतं.

खरी अडचण अशी की या माणसाच्या तीन आयुष्यांचे कागद तीन वेगळ्या ठिकाणी असतात आणि एका ठिकाणच्या कागदाला दुसऱ्याचा पत्ताही नसतो. नौदलाच्या यादीत त्याच्या कंपनीचा उल्लेख नसतो, कंपनीच्या फायलीत तो खासदार आहे हे असलंच तर कोपऱ्यात असतं, आणि पार्लमेंटच्या भाषणांच्या नोंदीत तो कुठल्या बँकेचा चेअरमन आहे हे शोधून सापडत नाही. म्हणून माझं सांगणं एकच आहे, चरित्र तीन प्रकरणांत मांडू नका, सगळं एकाच वर्षवार तक्त्यावर आणा. या माणसांच्या आयुष्यातलं सगळ्यात महत्त्वाचं काय ते दोन रकाने एकाच तारखेला भेटतात तिथे सापडतं.

उदाहरणाला एडवर्ड ड्यू कॅन घेऊ. जन्म २८ मे १९२४, मृत्यू ३१ ऑगस्ट २०१७. युद्धात मोटर टॉर्पेडो बोटींवर, नंतर युनिट ट्रस्टचा (म्हणजे म्युच्युअल फंडाचा) धंदा उभा करणारा, १९५६ ते १९८७ टाँटनचा खासदार, कॉन्झर्व्हेटिव्ह पक्षाचा अध्यक्ष, १९२२ कमिटी या पक्षाच्या खासदारांच्या संघटनेचा चेअरमन, पुढे लॉन्रो कंपनीचा चेअरमन. पंतप्रधान झाला नाही पण कोण पंतप्रधान होणार यात त्याचा हात होता, त्यामुळे अभ्यासाला फार चांगला माणूस आहे.

तक्ता साधा ठेवा. एक्सेल असो की वही, रकाने पाच: तारीख, नौदल, राजकारण, धंदा आणि ही माहिती कुठून मिळाली. पाचवा रकाना कंटाळवाणा वाटतो पण तोच पुढे वाचवतो, कारण महिन्याभराने दोन वेगळी वर्षं समोर येतात तेव्हा कुठलं वर्ष सरकारी कागदातलं आणि कुठलं कुणाच्या आठवणीतलं हे लक्षात राहिलेलं नसतं. तारीख पूर्ण माहीत नसेल तर नुसतं वर्ष लिहा, अंदाजाने महिना भरू नका.

आधी नाव सोडवून घ्या. ब्रिटिश राजकारण्याचं नाव आयुष्यभर एकच राहील याची खात्री नसते. ड्यू कॅन यांना १९८५ मध्ये नाइटहूड मिळाला, म्हणजे त्याआधीच्या नोंदी ‘मिस्टर’ने आणि नंतरच्या ‘सर एडवर्ड’ने. आडनाव दोन तुकड्यांचं, त्यामुळे काही सूच्यांत ते ‘ड्यू’च्या अक्षराखाली, काहींत ‘कॅन’खाली, काहींत सलग जोडून, तिन्ही प्रकारे शोधावं लागतं. लॉर्ड झालेल्यांचं तर आणखी अवघड. ॲलन लेनॉक्स-बॉइड हेही याच साच्यातले, युद्धात नौदलाच्या कोस्टल फोर्सेसमध्ये (किनाऱ्याजवळ लढणाऱ्या छोट्या बोटींचं दल), पुढे वसाहत मंत्री, मग गिनेस कंपनीचे मॅनेजिंग डायरेक्टर, पण १९६० नंतर ते व्हायकाउंट बॉइड ऑफ मर्टन झाले आणि तिथून पुढचे कागद त्या नावाने लागतात. हे माहीत नसेल तर अर्धं आयुष्य गायब होतं आणि आपण समजतो की माणूस रिटायर झाला.

नावाची दुसरी भानगड घरातल्या माणसांची. ड्यू कॅन यांचे वडील चार्ल्स गारफील्ड लॉट ड्यू कॅन हे बॅरिस्टर आणि लेखक, भाऊ रिचर्ड ड्यू कॅन हेही नावाजलेले बॅरिस्टर. जुन्या वर्तमानपत्रांत नुसतं ‘मिस्टर ड्यू कॅन’ दिसलं की आपलाच माणूस असं धरून चालू नका. बातमी कोर्टाची असेल तर तो बहुतेक वडील किंवा भाऊ निघतो.

बालपणाला जास्त वेळ देऊ नका, कारण कागदच कमी आहेत, आणि ते का कमी आहेत हे मात्र माहीत असावं. ब्रिटनमध्ये जनगणना दर दहा वर्षांनी होते आणि शंभर वर्षं बंद राहते. १९२१ ची उघडली ती २०२२ मध्ये. १९३१ ची इंग्लंड आणि वेल्सची जनगणना डिसेंबर १९४२ मध्ये आगीत जळून गेली. १९४१ ची युद्धामुळे झालीच नाही. म्हणजे १९२४ साली जन्मलेला माणूस तुम्हाला आज कुठल्याच जनगणनेत सापडणार नाही, १९५१ ची उघडेल तेव्हा २०५२ उजाडलेलं असेल. त्याला पर्याय एकच, २९ सप्टेंबर १९३९ ला रेशनकार्ड आणि ओळखपत्रासाठी केलेली नोंदणी, ती ऑनलाइन आहे, त्यात घरातला प्रत्येक माणूस, जन्मतारीख आणि काय काम करतो ते लिहिलेलं असतं. जन्माची नोंद सरकारी सूचीत तिमाहीप्रमाणे लागते आणि तिमाही जन्माची नसून नोंदणीची असते, बाळाची नोंद करायला सहा आठवडे मिळायचे, त्यामुळे मे अखेरचा जन्म पुढच्या तिमाहीतही निघू शकतो. तेवढं बघा, शाळा-कॉलेज लिहा (ड्यू कॅन वुडब्रिज स्कूल आणि मग ऑक्सफर्डचं सेंट जॉन्स) आणि पुढे चला.

आता नौदल. इथे लोक सगळ्यात जास्त घोळ घालतात म्हणून जरा थांबून सांगतो.

पहिली गोष्ट, युद्धातले बहुतेक तरुण अधिकारी रॉयल नेव्हीचे नव्हतेच, ते रॉयल नेव्हल व्हॉलंटिअर रिझर्व्हचे होते. ही फौज १९०३ साली सुरू झाली, नागरी आयुष्यातल्या लोकांसाठी. त्यांच्या बाहीवरच्या सोनेरी पट्ट्या सरळ नसून लाटेसारख्या नागमोडी असायच्या, म्हणून तिला वेव्ही नेव्ही म्हणायचे. याशिवाय रॉयल नेव्हल रिझर्व्ह नावाची वेगळीच फौज होती, ती व्यापारी जहाजांवरच्या पक्क्या खलाशांची. नावात एका शब्दाचा फरक पण माणूस पूर्ण वेगळा, एक बँकेतला कारकून किंवा कॉलेजातला पोरगा, दुसरा वीस वर्षं समुद्रावर काढलेला. फोटो असेल तर बाही झूम करून बघा. नागमोडी पट्टी म्हणजे व्हॉलंटिअर. पट्ट्यांच्या मध्ये हिरवं कापड दिसलं तर तो स्पेशल ब्रँचचा, म्हणजे बोट चालवणारा नाही, रडारसारखं तांत्रिक काम नाहीतर गुप्तवार्ता वगैरे. मूळ फोटो कृष्णधवल असेल तर हे कळणार नाही, आणि रंग भरलेल्या फोटोवर तर अजिबात विसंबू नका, तो रंग भरणाऱ्याने ठरवलेला असतो.

दुसरी गोष्ट रँक. नौदलातला लेफ्टनंट हा सैन्यातल्या कॅप्टनच्या बरोबरीचा, आणि नौदलातला कॅप्टन हा सैन्यातल्या कर्नलच्या. ‘युद्धात लेफ्टनंट होते’ हे वाचून मराठीत ‘कनिष्ठ अधिकारी’ लिहून टाकतात, पण बावीस वर्षांचा लेफ्टनंट एका टॉर्पेडो बोटीचा मुख्य असू शकायचा. ‘टेम्पररी’ आणि ‘ॲक्टिंग’ हे शब्द रँकच्या आधी आले तर गाळू नका. टेम्पररी म्हणजे युद्धापुरतं कमिशन (अधिकारी म्हणून नेमणूक), ॲक्टिंग म्हणजे हुद्दा तात्पुरता चढवलेला, पक्का नाही.

तिसरी, भरती झाल्याची तारीख आणि अधिकारी झाल्याची तारीख वेगळ्या असतात. युद्धात व्हॉलंटिअर अधिकारी होऊ पाहणाऱ्या मुलाला बहुधा आधी साधा खलाशी म्हणून काही महिने जहाजावर काढायला लागायचे, डेक धुण्यापासून सगळं, तिथे वरिष्ठांना तो लायक वाटला की होव्हला एचएमएस किंग आल्फ्रेडमध्ये पाठवायचे आणि तिथून कमिशन घेऊन बाहेर. म्हणून मृत्युलेखात १९४३ असेल आणि नेव्ही लिस्टमध्ये, म्हणजे नौदल अधिकाऱ्यांच्या छापील यादीत, नाव नंतर दिसत असेल तर कुणी खोटं बोलतंय असं नाही, मधले महिने खालच्या डेकवर गेलेले असतात. हा काळ चरित्रात हमखास हरवतो आणि मला तो फार महत्त्वाचा वाटतो, कारण पुढे आयुष्यभर बोर्डरूममध्ये आणि क्लबमध्ये वावरलेला माणूस तेवढेच महिने हॅमॉकमध्ये साध्या पोरांबरोबर झोपलेला असतो.

आणि हो, एचएमएस किंग आल्फ्रेड हे जहाज नव्हतं. होव्हच्या समुद्रकाठावरची इमारत होती, लोकांसाठी बांधत असलेलं करमणूक केंद्र नौदलाने १९३९ मध्ये ताब्यात घेतलं. जमिनीवरच्या तळांनाही जहाजासारखी नावं द्यायची नौदलाची पद्धत आहे. गोस्पोर्टचा एचएमएस हॉर्नेट, फेलिक्सस्टोचा एचएमएस बीहाइव्ह, लोस्टॉफ्टचा एचएमएस मँटिस, फोर्ट विल्यमचा एचएमएस सेंट ख्रिस्तोफर हे सगळे कोस्टल फोर्सेसचे तळ. यादीत ‘एचएमएस बीहाइव्ह’ दिसलं आणि तुम्ही ‘बीहाइव्ह या युद्धनौकेवर तैनात’ लिहिलं की जाणकार वाचक तिथेच वाचायचं थांबवतो. नाव दिसलं की आधी ते जहाज की तळ हे शोधायचं, मग लिहायचं.

मोटर टॉर्पेडो बोट काय प्रकार होता हेही वाचकाला दोन वाक्यांत सांगा, नाहीतर त्याच्या डोळ्यापुढे मोठी युद्धनौका येते. छोटी वॉस्पर बोट सत्तर-एक फुटांची, लाकडी, पेट्रोल इंजिनांवर धावणारी, दोन टॉर्पेडो, माणसं डझनभर. रात्री काळोखात शत्रूच्या किनाऱ्याजवळ जाऊन मालवाहू ताफ्यावर टॉर्पेडो सोडायचे आणि पळायचं. टाकीत हजारो लिटर पेट्रोल आणि भोवती लाकूड, म्हणजे एक गोळा लागला की काय होत असेल ते समजा. फेअरमाइल डी ही मोठी जात, ११५ फुटांची. बोटींना नावं नसून नंबर असायचे आणि १९४३ मध्ये बऱ्याच मोटर गन बोटींना मोटर टॉर्पेडो बोटींचे नवे नंबर दिले गेले, त्यामुळे एकच बोट दोन नंबरांनी सापडू शकते.

कागद कुठे बघायचे? सुरुवात नेव्ही लिस्टपासून. १९३९ ते १९४५ च्या याद्या नॅशनल लायब्ररी ऑफ स्कॉटलंडने स्कॅन करून फुकट ठेवल्यात. युद्धात त्या गोपनीय होत्या, आता घरबसल्या वाचता येतात. अधिकाऱ्याच्या नावापुढे रँक आणि सीनिऑरिटीची तारीख (ती रँक जेव्हापासून धरली जाते तो दिवस) असते, ती तारीख तक्त्यात टाका. एकच अंक बघून थांबू नका, पुढचे-मागचे अंकही बघा, नाव पहिल्यांदा कधी आलं, रँक कधी बदलली, नाव कधी गेलं, या तीन तारखा मिळाल्या की नौदलाचा रकाना उभा राहिला.

मग लंडनजवळ क्यू इथलं नॅशनल आर्काइव्हज. तिथे नौदलाचे कागद ‘एडीएम’ या मालिकेत आहेत. एडीएम ३४० मध्ये अधिकाऱ्यांची सेवापत्रकं, एडीएम १९९ मध्ये युद्धातल्या कारवायांचे अहवाल, एडीएम १ मध्ये पत्रव्यवहार आणि बऱ्याच पदकांच्या शिफारशी. संरक्षण मंत्रालयाकडच्या सेवानोंदी हळूहळू इथे हलवल्या जातायत, म्हणून आज कॅटलॉगमध्ये नाव नाही मिळालं तर पुन्हा बघत राहा. एडीएम ५३ मध्ये जहाजांची लॉगबुकं आहेत पण त्यात छोट्या बोटी शोधायला जाऊ नका, दुसऱ्या महायुद्धातली लहान जहाजांची लॉग बहुतेक नष्ट केली गेली. टॉर्पेडो बोटींचं सगळं कारवाईच्या अहवालांत असतं, आणि ते फ्लोटिलाच्या (बोटींच्या तुकडीच्या) किंवा तळाच्या नावाने शोधावे लागतात, माणसाच्या नावाने नाही.

पदक असेल तर लंडन गॅझेटमध्ये नाव येतं. हे सरकारचं राजपत्र १६६५ पासून निघतंय आणि जुने सगळे अंक फुकट शोधता येतात. पदक नसेल तर त्यावरून काही निष्कर्ष काढू नका. युद्धातली मोहिमेची पदकं सुद्धा आपोआप घरी आली नाहीत, अर्ज करून मागावी लागत, आणि कित्येकांनी ती मागितलीच नाहीत.

राजकारणाचा रकाना त्यामानाने सोपा, कारण तिथे कागद भरपूर आहेत. हॅन्सार्ड म्हणजे पार्लमेंटच्या भाषणांची अधिकृत नोंद. तिची जुनी वेबसाइट १८०३ पासून २००५ पर्यंतचं सगळं देते आणि प्रत्येक खासदाराचं वेगळं पान आहे, कुठला मतदारसंघ, कुठलं पद, कुठल्या वर्षी किती वेळा बोलला. पहिलं भाषण जरूर वाचा पण त्यावरून माणूस ओळखू नका. पहिल्या भाषणाची पद्धतच ठरलेली असते, आधीच्या खासदाराचं कौतुक, मतदारसंघाचं वर्णन, आणि भांडण होईल असं काही बोलायचं नाही. खरा माणूस तिसऱ्या-चौथ्या वर्षी समित्यांत आणि लेखी प्रश्नांत दिसतो.

निवडून येण्याआधी हरलेल्या निवडणुका शोधायला विसरू नका. मृत्युलेख ‘१९५६ मध्ये निवडून आले’ इथून सुरू होतात. ड्यू कॅन त्याआधी दोनदा हरले होते, १९५१ मध्ये वॉल्थमस्टो वेस्टमधून आणि १९५५ मध्ये बॅरो-इन-फर्नेसमधून. वॉल्थमस्टोमध्ये समोर कोण होतं बघा, क्लेमेंट ॲटली, त्या वेळचे पंतप्रधान! सत्तावीस वर्षांचा पोरगा पंतप्रधानांच्या मतदारसंघात उभा राहतो तेव्हा पक्षाने त्याला जिंकायला नाही, तावून-सुलाखून घ्यायला पाठवलेलं असतं. हे उमेदवारीचं शिक्षण कळलं की १९५६ ची टाँटनची पोटनिवडणूक नीट समजते. आधीचे खासदार हेन्री हॉपकिन्सन लॉर्ड झाले म्हणून जागा रिकामी झाली आणि ड्यू कॅन जेमतेम निवडून आले. पोटनिवडणुकीच्या बातम्यांसाठी लंडनच्या पेपरांपेक्षा तिथला सॉमरसेट काउंटी गॅझेट वाचा, सभेत कोण काय म्हणालं ते तिथेच मिळतं.

पुढची पदं तारखेसकट लावा: १९६२-६३ अर्थखात्यात इकॉनॉमिक सेक्रेटरी, १९६३-६४ बोर्ड ऑफ ट्रेडमध्ये राज्यमंत्री, १९६५ ते १९६७ पक्षाध्यक्ष. अध्यक्षपदावर नेमलं ॲलेक डग्लस-होम यांनी, पण त्याच वर्षी नेता झाले एडवर्ड हीथ, आणि हीथनी १९६७ मध्ये यांच्या जागी अँथनी बार्बरना आणलं. हीथ १९७० मध्ये पंतप्रधान झाले तेव्हा ड्यू कॅनना मंत्रिपद मिळालं नाही. ही ओळ लाल रंगात ठेवा, लागणार आहे.

मंत्रिपदाच्या काळातले सरकारी कागद क्यूलाच, अर्थखात्याचे ‘टी’ मालिकेत, बोर्ड ऑफ ट्रेडचे ‘बीटी’त, पंतप्रधान कार्यालयाचे ‘प्रेम’ (PREM) मालिकेत. पक्षाचे कागद मात्र सरकारी नाहीत, कॉन्झर्व्हेटिव्ह पक्षाचं आर्काइव्ह ऑक्सफर्डच्या बॉडलियन लायब्ररीत आहे. आणि १९२२ कमिटीबद्दल लिहिताना एक काळजी घ्या. ही कॉन्झर्व्हेटिव्ह खासदारांची संघटना, नेत्याला ठेवायचं की हटवायचं यात हिचा शब्द चालतो. ऑक्टोबर १९२२ मध्ये कार्लटन क्लबात बंड झालं आणि त्यातून ही जन्मली असं सर्रास लिहितात, ते चूक आहे, १९२२ च्या निवडणुकीत आलेल्या नव्या खासदारांनी ती १९२३ मध्ये काढली. ड्यू कॅन १९७२ ते १९८४ तिचे चेअरमन होते.

आता धंदा, आणि इथे फुकट मिळणारी माहिती एकदम आटते. युनिट ट्रस्ट म्हणजे म्युच्युअल फंडाचा ब्रिटिश प्रकार. १९५० च्या दशकाच्या शेवटी ड्यू कॅननी युनिकॉर्न नावाने ट्रस्ट सुरू केले, लहान गुंतवणूकदाराला शेअरबाजारात आणायचं ही कल्पना, पुढे ते बार्कलेज बँकेने घेतले आणि बार्कलेज युनिकॉर्न हे नाव बरीच वर्षं चाललं. कंपन्यांचं शोधताना कंपनीज हाउसची, म्हणजे कंपन्यांची नोंद ठेवणाऱ्या सरकारी कचेरीची, वेबसाइट उघडा आणि नावापेक्षा कंपनीचा नंबर टिपून ठेवा, नाव कितीही वेळा बदललं तरी नंबर तोच राहतो. पण तिथे अलीकडचं जास्त आहे, साठ-सत्तरच्या दशकांतलं कमी. बंद पडलेल्या जुन्या कंपन्यांच्या थोड्या फायली क्यूला बीटी ३१ मध्ये आहेत, सगळ्या नाहीत. मधला काळ भरायला डिरेक्टरांची छापील डिरेक्टरी लागते, १८८० पासून दर वर्षी निघायची, एका माणसाच्या नावाखाली तो ज्या ज्या बोर्डवर आहे त्या सगळ्या कंपन्या. मोठ्या लायब्ररीत असते. ओळीने दहा वर्षांचे खंड घेऊन बसलात तर कुठली कंपनी कधी आली आणि कधी गुपचूप गेली हे डोळ्यांसमोर दिसतं.

खासदारांच्या आर्थिक हितसंबंधांचं सरकारी रजिस्टर १९७४ मध्ये ठरलं आणि १९७५ मध्ये पहिल्यांदा छापलं. त्याआधी खासदार कुठल्या कंपनीचा पगार खातो हे जाहीर सांगायचं बंधन नव्हतं. म्हणून १९७५ च्या आधीचा धंद्याचा रकाना तुम्हाला स्वतःच भरावा लागतो, पार्लमेंटचे कागद मदत करणार नाहीत.

इथवर आलात की तक्त्यातलं १९७४ साल उघडा. राजकारणाच्या रकान्यात ड्यू कॅन १९२२ कमिटीचे चेअरमन. त्याच वर्षी लोकलेखा समितीचेही चेअरमन, सरकारी खर्च तपासणारी ही समिती प्रथेने विरोधी पक्षाकडे असते आणि फेब्रुवारीत कॉन्झर्व्हेटिव्ह हरून विरोधात बसले होते. आता डोळे उजवीकडे न्या, धंद्याचा रकाना. तिथे ते कीझर उलमन या मर्चंट बँकेचे चेअरमन. आणि १९७३ च्या अखेरीपासून ब्रिटनमध्ये दुय्यम बँकांचं संकट चालू होतं, जमीन-इमारतींवर दिलेली कर्जं बुडत होती, बँक ऑफ इंग्लंडला लाइफबोट नावाची बचाव योजना काढावी लागली, आणि कीझर उलमनही त्याच तडाख्यात सापडली होती.

या पार्श्वभूमीवर १० ऑक्टोबर १९७४ ला हीथ वर्षातली दुसरी निवडणूक हरले. काही दिवसांतच १९२२ कमिटीची कार्यकारिणी हीथना हटवायचं बघायला लागली आणि ती जमली कुठे तर मिल्क स्ट्रीटवर, कीझर उलमनच्या ऑफिसात. वर्तमानपत्रांनी त्यांना ‘मिल्क स्ट्रीट माफिया’ म्हटलं. बऱ्याच खासदारांना नेता म्हणून ड्यू कॅनच हवे होते. जानेवारी १९७५ मध्ये ते मागे सरले. ४ फेब्रुवारीच्या पहिल्या फेरीत मार्गारेट थॅचरना १३०, हीथना ११९ आणि ह्यू फ्रेझरना १६ मतं, ११ फेब्रुवारीला थॅचर नेत्या. त्याच १९७५ मध्ये ड्यू कॅन बँकेच्या चेअरमनपदावरूनही गेले.

नुसत्या राजकीय चरित्रात हे ‘वैयक्तिक कारणांनी माघार’ असं एका ओळीत निघून जातं, आणि नुसत्या धंद्याच्या इतिहासात थॅचरचं नावही येत नाही. दोन्ही रकाने शेजारी ठेवले की वाचकाला स्वतःलाच प्रश्न पडतो. तुम्ही मात्र उत्तर ठोकून देऊ नका. बँक अडचणीत होती हे कागदावर आहे, माघार घेतली हे कागदावर आहे, एकामुळे दुसरं किती झालं हे माणसाच्या मनातलं आहे, तिथे ‘त्याच महिन्यांत’ एवढंच लिहा आणि कुणी काय कारण दिलं ते त्या त्या माणसाच्या तोंडी घाला. १९६७ आणि १९७० ची ती लाल ओळही इथे जोडा, हीथ आणि ड्यू कॅन यांचं सूत का नव्हतं ते कळतं.

दुसरी तशीच जागा लॉन्रो. नाव लंडन आणि ऱ्होडेशिया यावरून आलेलं, १९०९ ची कंपनी, टायनी रोलँड यांनी ती आफ्रिकाभर पसरवली. ड्यू कॅन १९८४ ते १९९१ तिचे चेअरमन, आणि खासदारकी १९८७ पर्यंत, म्हणजे तीन वर्षं दोन्ही एकदम. नेमकं त्याच काळात लॉन्रोचं हॅरॉड्सच्या मालक कंपनीवरून फायेद बंधूंशी आणि सरकारशी जोरात भांडण चालू होतं, १९८५ मध्ये फायेदनी ती घेतली आणि लॉन्रो वर्षानुवर्षं चौकशीची मागणी करत राहिली. या काळातलं हॅन्सार्ड वाचताना शेजारी १९८५-८७ चं हितसंबंधांचं रजिस्टर उघडं ठेवा.

या भांडणात वर्तमानपत्रं वापरताना मालक कोण ते तपासा. ऑब्झर्व्हर हा रविवारचा पेपर १९८१ पासून १९९३ पर्यंत लॉन्रोच्याच मालकीचा होता. मार्च १९८९ मध्ये त्याने फायेद प्रकरणाच्या सरकारी अहवालाची फुटलेली प्रत छापायला रविवार सोडून मधल्या वारीच खास अंक काढला. बातमी खरी असू शकते आणि तरीही ती कुणाच्या फायद्याची होती हे वाचकाला सांगणं तुमचं काम आहे.

लॉन्रोचा विषय निघाला की हीथचं एक वाक्य हमखास येतं, ‘भांडवलशाहीचा अस्वीकारार्ह चेहरा’. ते त्यांनी १५ मे १९७३ ला पार्लमेंटमध्ये म्हटलं, पण हॅन्सार्ड उघडलं तर तिथे ‘अप्रिय आणि अस्वीकारार्ह’ आहे आणि पुढे असंही आहे की सगळा ब्रिटिश उद्योग असाच आहे असं कुणी सुचवू नये. दुसरा भाग कुणी उद्धृत करत नाही. म्हणून प्रसिद्ध वाक्य दिसलं की मूळ पान उघडायचंच, पाच मिनिटं लागतात.

माणसाने स्वतःबद्दल जे लिहिलंय ते सगळ्यात शेवटी वाचा. हूज हू या नामवंतांच्या छापील डिरेक्टरीतली नोंद ज्याची त्यानेच भरून दिलेली असते, म्हणून तिथे पदं अचूक मिळतात आणि बुडालेल्या कंपन्या मिळत नाहीत. ड्यू कॅननी १९९५ मध्ये आत्मचरित्रही लिहिलं. आधीच वाचलं असतं तर त्यांची मांडणी तुमच्या डोक्यात बसली असती, आता तुमच्याकडे तक्ता आहे, तर पान पान घेऊन तक्त्याशी लावत जा. कुठल्या वर्षावर ते भरभरून लिहितात आणि कुठलं वर्ष एका परिच्छेदात उडवतात ते बाजूला टिपा. नौदलाबद्दल मात्र आत्मचरित्रं मोलाची असतात, रात्रीची थंडी, इंजिनाचा आवाज, कोण शेजारी होता, हे कुठल्याही एडीएम फायलीत मिळणार नाही.

मृत्युलेख किमान तीन वेगळ्या पेपरांचे घ्या, एक उजव्या बाजूचा, एक डाव्या, आणि मतदारसंघातला स्थानिक. तिन्हीत एकच किस्सा जवळपास त्याच शब्दांत आला तर त्याला तीन पुरावे समजू नका, तो एकच आहे.

राहिला शेवट. इंग्लंड आणि वेल्समधल्या मृत्युपत्रांची सूची १८५८ पासून आहे, त्यात तारीख आणि बहुधा मालमत्तेची रक्कम मिळते. परदेशात वारलेल्यांच्या बाबतीत नोंद तिथे असेलच असं नाही. ड्यू कॅन सायप्रसमध्ये वारले, वयाच्या ९३ व्या वर्षी. दिवाळखोरीच्या आणि कंपनी गुंडाळल्याच्या नोटिसा पुन्हा लंडन गॅझेटमध्येच येतात, म्हणजे ज्या राजपत्रात माणसाच्या सन्मानाची यादी छापते तिथेच त्याचं हे संकटही छापलेलं असतं, दोन्हींसाठी एकदम शोध मारा. बायका-मुलांपैकी कुणी हयात असेल तर त्यांचे पत्ते, आजारपणं, घरगुती भांडणं कागदात सापडली तरी घेऊ नका, त्यांनी कुठली निवडणूक लढवली नव्हती.

आणि लिहून झाल्यावर तक्ता फेकून देऊ नका. क्यूच्या कॅटलॉगमध्ये नव्या फायली येत राहतात, सेवानोंदी उघडत जातात, तेव्हा रिकाम्या राहिलेल्या चौकटींवर खूण करून ठेवा आणि वर्षातून एकदा तेवढ्याच परत शोधा.